वीतभर मागे: फर्डिनांड बीची गोष्ट

७ जुलै १९१२. स्टॉकहोमचं नवंकोरं विटांचं स्टेडियम, आणि लांब उडीच्या पट्टीकडे धावत येणारा एक नॉर्वेचा पोरगा. नाव फर्डिनांड बी, वय २४. पाय पट्टीवर पडतो, अंग हवेत जातं, वाळू उडते, टेप लावली जाते आणि आकडा येतो ६.८५ मीटर. भारीच उडी आहे ही. पण त्याच वाळूत अमेरिकेच्या जिम थॉर्पने ७.०७ मारलेली असते. फरक २२ सेंटिमीटरचा. हाताचा पंजा ताणून अंगठ्यापासून करंगळीपर्यंत मोजा, साधारण तेवढाच, एक वीत.

ही स्पर्धा पेंटॅथलॉनची. म्हणजे एकाच दिवसात पाच इव्हेंट, लांब उडी, भालाफेक, २०० मीटर, थाळीफेक आणि शेवटी सगळ्यांचे पाय गळाले असताना १५०० मीटर. पहिल्याला १ पॉइंट, दुसऱ्याला २, तिसऱ्याला ३, आणि ज्याची बेरीज सगळ्यात कमी तो जिंकला. बी मुळात उडीचा आणि वेगाचा माणूस, भालाही चांगला फेकायचा. त्या दिवशी भाला गेला ४६.४५ मीटर, थॉर्पचा ४६.७१, म्हणजे तिथेही वीतभरापेक्षा थोडासाच जास्त फरक. २०० मीटरमध्ये थॉर्प २२.९ सेकंद, बी २३.५. पाचही इव्हेंटमध्ये बी थॉर्पच्या मागेच राहिला, पण बाकीच्या सगळ्यांना बेरजेत मागे टाकलं त्याने. थॉर्प ७ पॉइंट, बी २१. सिल्व्हर मेडल.

आणि हे स्वीडनमध्ये, हे विसरू नका. नॉर्वे १९०५ साली स्वीडनपासून वेगळा झाला होता, जेमतेम सात वर्षं झाली होती, आणि त्यांच्याच राजधानीत जाऊन, त्यांच्याच राजासमोर नॉर्वेच्या पोराने मेडल घेतलं. मला तरी हे फार मोठं वाटतं.

त्याच ऑलिम्पिकमध्ये तो नुसत्या लांब उडीतही उतरला होता, तिथे ११वा आला. डेकॅथलॉन, म्हणजे दहा इव्हेंटची स्पर्धा, तोही सुरू केला पण पूर्ण झाला नाही. म्हणजे त्याचा दिवस होता तो ७ जुलैचाच.

आता जानेवारी १९१३. अमेरिकेतल्या एका पेपरात बातमी येते की थॉर्पने १९०९ आणि १९१० च्या उन्हाळ्यात नॉर्थ कॅरोलिनात बेसबॉल खेळून थोडेफार पैसे घेतले होते. तेव्हा ऑलिम्पिक फक्त हौशी खेळाडूंसाठी, खेळून पैसे घेतले की संपलं. कॉलेजची कितीतरी पोरं असे पैसे घ्यायची आणि त्यासाठी खोट्या नावाने खेळायची, थॉर्प स्वतःच्याच नावाने खेळला आणि सापडला. आणि तक्रार स्पर्धेनंतर ३० दिवसांच्या आत करायची असा नियमही होता, तो कोणी पाहिलाच नाही. थॉर्प मूळचा सॅक अँड फॉक्स या अमेरिकेतल्या मूलनिवासी जमातीचा. त्याची पेंटॅथलॉन आणि डेकॅथलॉन, दोन्हींची गोल्ड काढून घेतली, नावही खोडलं.

मग पेंटॅथलॉनचा चॅम्पियन कोण, तर फर्डिनांड बी. थॉर्प पाचही वेळा त्याच्या पुढे होता, त्यामुळे थॉर्पला यादीतून काढल्यावर बी प्रत्येक इव्हेंटमध्ये एकेक नंबर वर सरकला आणि २१ चे १६ झाले. वाळूतली खूण तीच, भाला पडला ती जागाही तीच, फक्त कागदावरचा आकडा बदलला. बीने ते गोल्ड आपलं मानलं नाही असं सांगितलं जातं, आणि मला ते पटतं. जो माणूस स्वतः तिथे धावला, ज्याने समोरच्याची पाठ पाच वेळा पाहिली, त्याला कोण जिंकलं हे कोणी येऊन सांगायची काय गरज?

पुढे ॲव्हरी ब्रंडेज ऑलिम्पिक कमिटीचा अध्यक्ष झाला, वीस वर्षं त्या खुर्चीत होता, आणि थॉर्पचं नाव परत लावायला त्याने कधीच होकार दिला नाही. हाच ब्रंडेज त्या दिवशी त्याच पेंटॅथलॉनमध्ये खेळला होता, सहावा आला होता. थॉर्प १९५३ ला गेला, बी १९६१ ला.

१९८२ मध्ये कमिटीने थॉर्पचं नाव परत लावलं खरं, पण अर्धवट, थॉर्प आणि बी दोघंही जोडीने चॅम्पियन. चाळीस वर्षं तसंच राहिलं. शेवटी जुलै २०२२ मध्ये नॉर्वेच्याच ऑलिम्पिक संघटनेशी बोलून ठरलं की थॉर्प एकटाच विजेता. आज तो निकाल काढून बघा, पहिल्या ओळीत जिम थॉर्प, आणि दुसऱ्या ओळीत फर्डिनांड बी, नॉर्वे, सिल्व्हर. १९१२ मध्ये त्या संध्याकाळी ही दोन नावं लागली होती त्याच क्रमाने.