लिओनोर सिल्व्हेरा : बोलणारीपेक्षा ऐकणारी

मंडळी, आज एका बोटीपासून सुरुवात करते. लिस्बनहून निघालेली ही बोट आपल्या मुंबईला यायची आहे. बोटीवर इतिहास शिकवणारी रोझा मारिया आणि तिची छोटी मुलगी. नवरा वैमानिक, तो मुंबईत भेटणार. वाटेत पॉम्पेई लागतं, अथेन्स लागतं, इस्तंबूल, इजिप्त, एडन. मुलगी प्रश्न विचारत राहते, आई उत्तरं देत राहते. पोर्तुगीज दिग्दर्शक मानोएल द ऑलिव्हेरा यांच्या २००३ सालच्या ‘अ टॉकिंग पिक्चर’ या सिनेमातली ही आई म्हणजे पोर्तुगीज अभिनेत्री लिओनोर सिल्व्हेरा.

या सिनेमातलं कप्तानाचं जेवणाचं टेबल मला फार आवडतं. कप्तान इंग्रजी बोलतो, बाकीच्या तिघी फ्रेंच, इटालियन आणि ग्रीक. प्रत्येक जण आपापल्या भाषेत बोलतो आणि सगळ्यांना सगळं कळतं. मग रोझा मारिया येऊन बसते. तिची पोर्तुगीज कुणालाच येत नाही, म्हणून सगळे इंग्रजीवर येतात. सिनेमा पोर्तुगीज, आणि त्याच भाषेला त्या टेबलावर जागा नाही! लिओनोर यावर काहीही ‘करून’ दाखवत नाही. ती नुसती ऐकते. माझ्या मते तिची सगळी कारकीर्द त्या ऐकण्यात आहे.

लिओनोरचा जन्म १९७० चा. १९८८ साली ऑलिव्हेरा यांच्याच ‘द कॅनिबल्स’मध्ये ती पहिल्यांदा पडद्यावर आली. तो अख्खा सिनेमा ऑपेराच्या अंगानं गायलेला. दिग्दर्शकाचा जन्म १९०८ चा, म्हणजे ते ऐंशीच्या घरात आणि नायिका जेमतेम अठराची. पुढे ‘गेबो अँड द शॅडो’पर्यंत, म्हणजे २०१२ पर्यंत, ती त्यांच्या सिनेमांत येत राहिली. एकाच माणसाबरोबर इतकी वर्षं काम केलं की नटी साच्यात अडकते, असं आपण सहज म्हणून जातो. मला उलट वाटतं. दिग्दर्शक ओळखीचा असला की नटीला स्वतःला सिद्ध करत बसावं लागत नाही. लिओनोरच्या चेहऱ्यावर ती घाई कधीच दिसत नाही.

‘अब्राहम्स व्हॅली’ पाहा. १९९३ चा, तीन तासांहून मोठा. फ्लोबेरच्या फ्रेंच कादंबरीतल्या मादाम बोव्हारीची गोष्ट पोर्तुगीज लेखिका आगुस्तिना बेसा-लुईश यांनी आपल्या कादंबरीत पोर्तुगालमधल्या दोरू नदीच्या खोऱ्यात आणली आणि त्या कादंबरीवरून ऑलिव्हेरांचा हा सिनेमा झाला. लिओनोरनं रंगवलेली नायिका एमा देखणी आहे आणि एका पायानं किंचित लंगडते. लिओनोरनं ते लंगडणं केविलवाणं होऊ दिलेलं नाही. एमा चालते तेव्हा तो पाय तिच्या तोऱ्याचाच भाग वाटतो. निवेदकाचा आवाज तिच्याबद्दल बोलत राहतो, तिचं मन आपल्याला उलगडून सांगू पाहतो. ती मात्र त्या शब्दांमागून अभिनय करत जात नाही. निवेदक एक सांगतो, चेहरा भलतंच काही राखून ठेवतो. शेवटी ती संत्र्यांच्या बागेतून चालत नदीकाठच्या धक्क्याकडे जाते आणि कुजलेली फळी तिच्या पायाखाली मोडते. तिचं ते चालणं इतकं मोकळं आहे, की आपण मरण पाहायला निघालोय हे ध्यानातच येत नाही.

आणि मघाची बोट? ती मुंबईला पोचत नाही. बोटीवर बॉम्ब असल्याचं कळतं, सगळे उतरतात. मुलगी कप्तानानं दिलेली बाहुली आणायला मागे धावते, आई तिच्यामागे. दुसऱ्या नावेतून कप्तान त्या दोघींना पाहतो. स्फोट होतो तेव्हा पडद्यावर गोठून राहतो तो कप्तानाचा चेहरा. लिओनोरचा चेहरा आपल्याला दाखवलेला नाही.