बँकेची सरफेसी नोटीस आली? आधी तारीख बघा

नमस्कार मंडळी, हप्ते थकले, 90 दिवस उलटले, खातं एनपीए झालं, म्हणजे बँकेच्या हिशेबात थकीत कर्जात गेलं, आणि एक दिवस घरी बँकेची जाडजूड नोटीस आली, सरफेसी कायदा 2002 (गहाण मालमत्ता कोर्टात न जाता ताब्यात घेऊन विकायचा अधिकार बँकेला देणारा कायदा), कलम 13(2), 60 दिवसांत सगळी रक्कम भरा. बरेच लोक घाबरून ती कपाटात टाकतात, नाहीतर दिवाणी कोर्टात स्टे मागायला पळतात. कलम 34 मुळे दिवाणी कोर्टाला यात सहसा हातच घालता येत नाही, आणि हायकोर्टात गेलात तर आधी डीआरटीत, म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरणात, जा असंच बहुतेकदा ऐकायला मिळतं, सुप्रीम कोर्टाने 2010 च्या सत्यवती टंडन केसमध्ये हायकोर्टांना तसं बजावलंच आहे.

त्या 60 दिवसांत लेखी हरकत द्या. धंदा बसला, मुदत द्या, हे लिहा, जरूर लिहा, पण सोबत स्टेटमेंट काढून बघा की मधे भरलेले पैसे जमा धरलेत का, दंडव्याज किती लावलंय, एनपीएची तारीख कुठली टाकलीय. हरकत मिळाल्यावर बँकेला 15 दिवसांत कारणं देऊन उत्तर द्यावंच लागतं, म्हणून पोच घेतल्याशिवाय ब्रँचमधून बाहेर पडू नका.

आता जिथे लोक खरंच अडकतात ते सांगतो. 60 दिवस संपले की बँक बहुतेक वेळा आधी सांकेतिक ताबा घेते, म्हणजे दारावर नोटीस चिकटवते, दोन पेपरात छापते, त्यातला एक स्थानिक भाषेतला हवा, आणि तुम्ही घरातच राहता, रोजचं सगळं तसंच चालू असतं त्यामुळे वाटतं अजून काही झालं नाही. झालेलं असतं हो! डीआरटीत कलम 17 खाली अर्ज करायचे 45 दिवस तिथूनच मोजायचे, कुलूप लागायची वाट बघत बसू नका, सांकेतिक ताब्यालाही आव्हान देता येतं हे सुप्रीम कोर्टाने 2018 मध्ये स्पष्ट केलंय. पूर्वी तिथे जायला 75 टक्के रक्कम भरायची अट होती, ती 2004 च्या मार्डिया केमिकल्स निकालात रद्द झाली. तिथे हरलात आणि वर अपिलात गेलात तर मात्र 50 टक्के भरा म्हणतात, फार तर 25 पर्यंत खाली येतं, म्हणून पहिल्याच अर्जात जीव ओता.

शेतजमिनीला हा कायदा लागू नाही, पण नुसता सातबारा दाखवून भागत नाही, जमीन प्रत्यक्ष कसली जातेय हे दाखवावं लागतं, त्यामुळे पीकपाहणीच्या नोंदी जपून ठेवा.

आणि पैशाची सोय होत असेल तर लिलावाच्या आदल्या दिवसापर्यंत थांबू नका, 2016 च्या दुरुस्तीनंतर लिलावाची नोटीस प्रसिद्ध झाली की पैसे भरून मालमत्ता सोडवायचा हक्कच संपतो, सुप्रीम कोर्टाने 2023 मध्ये बाफना मोटर्सच्या केसमध्ये तेच सांगितलं. घरात तशी नोटीस पडून असेल तर ती आणि तिचं पाकीट दोन्ही घेऊन याच आठवड्यात डीआरटीत काम करणाऱ्या वकिलाकडे जा.