मेच्या उन्हात आउटबॅक

श्रोतेहो, नमस्कार.

शाळांना सुट्या लागल्या की नागपुरातल्या चर्चमध्ये व्हीबीएसचे वारे वाहू लागतात. ज्यांना हा शब्द नवा असेल त्यांच्यासाठी सांगते, ही सुटीतली बायबल शाळा. ऊन तापायच्या आत भरते, गाणी होतात, गोष्टी होतात, हातांना काहीतरी काम मिळतं आणि पन्हं पिऊन मुलं घरी जातात. दर वर्षी एक विषय ठरवून हॉल सजवायचा असतो. आज मी बोलणार आहे ती अशाच एका विषयाच्या सजावटीबद्दल, ऑस्ट्रेलियाच्या आउटबॅकबद्दल. किनाऱ्यावरची शहरं मागे टाकून आत जावं तसा सुरू होणारा तो लाल, कोरडा, अफाट मुलूख.

सजावटीची सभा बसली की काय होतं ते आपल्याला ठाऊक आहेच. कांगारू हवा, कोआला हवा, मगर हवी, बूमरँग हवं, आणि वर फुगे तर हवेतच. दोन दिवसांत भिंतीवर बोट ठेवायला जागा उरत नाही. माझं म्हणणं याच्या अगदी उलट आहे. आउटबॅकमध्ये बघण्यासारखं जे आहे ते म्हणजे मोकळी जागा. दक्षिण ऑस्ट्रेलियात ॲना क्रीक नावाचं गुरांचं एकच कुरण आहे, ते आपल्या सबंध नागपूर जिल्ह्याहून मोठं. एक मालक, एक कुंपण, आणि कुही-भिवापूरपासून काटोल-नरखेडपर्यंत मावेल त्याहून जास्त जमीन! शेजारी म्हणजे कित्येक तासांचा रस्ता. हे अंतर मुलांना हॉलमध्ये पाऊल टाकताच जाणवलं पाहिजे. भिंत भरून टाकली की ते अंतरच बुजतं.

म्हणून क्षितिज खाली घ्या. मुख्य भिंतीवर खालचा एक तृतीयांश भाग लाल, वरचा सगळा आभाळाचा. ते आभाळ कोरं ठेवायचं, ढगसुद्धा नको. जवळची वस्तू मोठी आणि लांबची अगदी चिमुकली. दूरवर अंगठ्याएवढी एक पवनचक्की, तिच्याशेजारी पत्र्याचं एक घर, बस्स. आमच्याकडची एक चिमुरडी आत आली आणि म्हणाली, ‘‘टीचर, इथं तं काहीच नाही!’’ मी तिला म्हटलं, बरोबर ओळखलंस.

आता तो लाल रंग कुठून आणायचा? पोस्टर कलरच्या बाटल्यांवर पैसे घालवू नका. किराणा दुकानातून गेरू आणा. अंगणाला आणि तुळशीवृंदावनाला लावतो तोच. आउटबॅकची माती आणि तिथले खडक लाल दिसतात ते त्यांच्यातलं लोह गंजल्यामुळे, आणि गेरूचा रंगही लोहाच्या त्याच ऑक्साइडचा. म्हणजे रंग नुसता मिळताजुळता नाही, तर एकाच घराण्यातला आहे. गांधीबागेतून स्वस्तातला मांजरपाट घ्या, गेरू रात्रभर भिजवा, त्यात मैद्याची पातळ खळ मिसळा आणि कुंच्याने लावा. खळ विसरू नका, नाहीतर कोरडा गेरू झडतो आणि गाणी म्हणताना भिंतीला टेकलेल्या प्रत्येक मुलाच्या पाठीवर ऑस्ट्रेलिया उमटतो. कापड खिडकीच्या गजांना सुतळीने बांधा, भिंतीत खिळे ठोकू नका. आपली नागपुरी माती काळी, म्हणून जमिनीवर पसरायला एखाद-दोन घमेली मुरूम मागून आणावा लागेल. बांधकाम कुठे ना कुठे चालू असतंच.

थर्मोकोलचा मोह होईल. पण सजावटीच्या थर्मोकोलवर राज्यात २०१८ पासून बंदी आहे, आणि तसंही उलुरूसारखा खडक थर्मोकोलचा केला तर तो केकसारखा दिसतो. पोती घ्या. कळमन्याच्या बाजारात जुनी पोती मिळतात. आत रद्दी कोंबून ढीग रचा, वरून गेरूचं ओलं कापड टाका आणि तसंच वाळू द्या. कापडाला पडलेल्या सुरकुत्या खडकाच्या उभ्या खाचांसारख्या दिसतात.

या उलुरूबद्दल थोडं थांबून बोलायला हवं. मध्य ऑस्ट्रेलियातला हा वालुकाश्माचा खडक भोवतालच्या सपाटीपासून ३४८ मीटर उंच आहे आणि त्याचा घेर नऊ किलोमीटरच्या वर. पायथ्याने फेरी घालायला तीन-साडेतीन तास लागतात. तिथल्या मूळच्या आदिवासी अनांगू लोकांसाठी ती पवित्र जागा आहे. १९८५ साली तिची मालकी त्यांना परत मिळाली, आणि २६ ऑक्टोबर २०१९ पासून त्यावर चढायला पूर्ण बंदी आली. आपण केलेल्या खडकावर मुलांना चढवून फोटो काढायची हौस कुणाला तरी येईलच. तेव्हा ही बंदी मुलांना समजावून सांगा. ज्या घरात वेदीच्या पायरीवर पळू नको म्हणून मुलांना रोज बजावतात, तिथे हे समजायला अवघड जात नाही. तीच गोष्ट ठिपक्यांच्या चित्रांची. १९७१ च्या सुमारास पापुन्या वस्तीतून कॅनव्हासवर आणि फळ्यांवर सुरू झालेली ती कला जगभर गेली. पण त्या आकृत्यांमागे एकेका कुळाच्या कथा असतात, आणि त्या कुणी सांगायच्या याचेही नियम असतात. ठिपके देऊन कांगारू रंगवला की आदिवासी कला झाली, असं मुलांच्या मनात भरवू नका. मुलांना ठिपके काढायचेच असतील तर आभाळातल्या ताऱ्यांचे काढू द्यावेत.

ताऱ्यांवरून आठवलं. ऑस्ट्रेलियाच्या झेंड्यावर जो दक्षिण क्रॉस आहे, आपल्याकडे ज्याला त्रिशंकू म्हणतात, तो नागपुरातूनही दिसतो. मे महिन्यात रात्री नऊ-दहाच्या सुमारास दक्षिणेकडे, अगदी क्षितिजालगत. गच्चीवर झोपणारी घरं आता कमी झालीत, पण शहराच्या दिव्यांपासून थोडं लांब, दक्षिणेला झाडं-इमारती नसतील तिथे जरूर बघा. हॉलचा एक कोपरा काळ्या कापडाने झाकून त्यात एलईडीच्या माळेतले पाच दिवे क्रॉसच्या आकारात बाहेर काढले, तर चर्चच्या मुलांना वेगळं काही सांगावं लागत नाही.

प्राणी ठेवा, पण थोडे. आणि कोआला काढून टाका. त्याला निलगिरीची जंगलं लागतात, तो पूर्वेकडच्या आणि आग्नेयेकडच्या पट्ट्यात राहतो, लाल वाळवंटात नाही. इमू ठेवा. इमू आपल्याकडच्याही काही शेतकऱ्यांनी पाळून पाहिले, त्याची कथा वेगळी आणि फारशी सुखाची नाही. कांगारूचं चित्र काढण्याऐवजी रस्त्यावरची ती पिवळी चौकट करा, एका कोपऱ्यावर उभी असलेली, आत कांगारूची काळी सावली. पुठ्ठा, पिवळा कागद, एक काठी, झालं. ही पाटी दारातच उभी करा.

उंट मात्र हवेतच, आणि ते तुमच्याकडे आहेत. नाताळच्या नाटकात तीन ज्ञानी पुरुषांबरोबर येणारे पुठ्ठ्याचे उंट चर्चच्या अडगळीत कुठेतरी उभे असतील. झटकून काढा. ऑस्ट्रेलियात उंट मुळात नव्हते. एकोणिसाव्या शतकात तिथल्या वाळवंटात सामान वाहायला ते आपल्या उपखंडातून जहाजाने नेले. १८६० च्या बर्क आणि विल्स या शोधप्रवाशांच्या मोहिमेसाठी कराचीहून उंट गेले होते. त्यांच्याबरोबर जे उंटवाले गेले त्यांना तिथे सरसकट अफगाण म्हणत, जरी त्यांतले पुष्कळजण आजच्या पाकिस्तानच्या आणि भारताच्या भागातले होते. ॲडलेडहून डार्विनला जाणाऱ्या रेल्वेला ‘द घान’ म्हणतात, ते त्यांच्यावरूनच.

गवताची सोय नागपूरकरांना फुकटात आहे. आउटबॅकमध्ये स्पिनिफेक्स नावाचं काटेरी गवत गोल झुपक्यांनी उगवतं. एप्रिल आला की घरोघरी कूलरच्या ताट्या बदलतात, आणि जुन्या ताट्यांतलं ते पिवळं पडलेलं लाकडी गवत कचऱ्यात जातं. ते गोळा करा. दोन दिवस कडक उन्हात टाका म्हणजे कुबट वास जाईल, मग मूठ-मूठ बांधून मुरुमात रोवा. ज्या मुलांना दमा आहे त्यांना हे काम देऊ नका. हिरवं काही हवं असेल तर निलगिरीच्या फांद्या आणा. सिल्व्हर ओक चालेल, सुरू चालेल. ही सगळी झाडं मूळची तिकडचीच. निलगिरीचा वास हॉलभर पसरतो तेव्हा निम्मी सजावट तिथेच होते.

एक धोक्याची सूचना, आणि ती फक्त आपल्या गावासाठी. कूलर! त्याच्या ओलसर वाऱ्यात चार्ट पेपर दुमडतो, क्रेप कागदाचा रंग वाहतो आणि सेलोटेप तासाभरात हात वर करते. कागदाची कामं कूलरच्या वाटेतून दूर ठेवा आणि चिकटवण्यापेक्षा शिवा, बांधा, टाचा. कापड आणि पोती यांना ओलाव्याचं काही वाटत नाही, ते वापरण्याचं हेही एक कारण.

आता हॉलच्या मधोमध काय ठेवायचं? माझं उत्तर ठरलेलं आहे. एक जुनी सायकल आणि तिच्यापुढे एक रेडिओ. मी रेडिओवर बोलतेय म्हणून सांगत नाहीये. जॉन फ्लिन नावाचे एक प्रेस्बिटेरियन पाळक होते. आउटबॅकमध्ये एकट्या-दुकट्या राहणाऱ्या कुटुंबांसाठी त्यांनी १९१२ साली एक मिशन सुरू केलं. घोड्यावरून कुणी पडलं, कुणाची बाळंतपणात अडचण झाली, तर डॉक्टर शेकडो किलोमीटरवर. फ्लिनना वाटे की विमानाने डॉक्टर जाऊ शकेल, पण विमान बोलवायचं कसं? तिथे वीज नव्हती, तारा नव्हत्या. आल्फ्रेड ट्रेगर या ॲडलेडच्या तंत्रज्ञाने त्यावर उपाय काढला तो पायडलचा. पायांनी पायडल मारून वीज करायची, हात मोकळे ठेवायचे आणि त्यांनी संदेश पाठवायचा. १९२८ च्या मे महिन्यात क्वीन्सलंडमधल्या क्लोनकरीहून पहिलं डॉक्टरचं विमान उडालं, आणि पुढच्याच वर्षी हे पायडलचे रेडिओ कुरणांवरच्या घरांत पोहोचू लागले. तीच आजची रॉयल फ्लाइंग डॉक्टर सर्व्हिस. १९५१ मध्ये ॲलिस स्प्रिंग्जला त्याच रेडिओवर शाळासुद्धा सुरू झाली, शेकडो किलोमीटरवरची मुलं एका वर्गात बसल्यासारखी हजेरी देऊ लागली. ऑस्ट्रेलियाच्या वीस डॉलरच्या नोटेवर फ्लिनचा चेहरा आहे.

सायकल स्टँडवर उभी करा आणि तिला डायनामोचा दिवा असेल तर तो चालू करून घ्या. सायकल दुरुस्तीच्या दुकानांत जुने डायनामो अजून मिळतात. एका मुलाने पायडल मारायचं, दिवा लागला की दुसऱ्याने माइकमध्ये त्या दिवसाचं वचन वाचायचं. पाय थांबले की दिवा विझतो आणि वाचणाऱ्याने गप्प बसायचं. मुलं यात इतकी रमतात की कांगारूकडे कुणी बघत नाही. वचन निवडायचं तर यशयाचा त्रेचाळिसावा अध्याय घ्या, देव अरण्यात वाट आणि वाळवंटात नद्या करील असं जिथे म्हटलं आहे. गोष्टीसाठी हरवलेलं मेंढरू आहेच. एवढ्या अफाट कुरणात एक मेंढरू शोधायला निघणं म्हणजे काय, हे रिकाम्या भिंतीकडे बोट दाखवून सांगता येतं.

फ्लिनची एक गोष्ट मोठ्या मुलांना सांगण्याजोगी आहे. ते वारल्यावर ॲलिस स्प्रिंग्जजवळ त्यांच्या समाधीवर एक प्रचंड गोल शिळा ठेवली. ती आणली होती आदिवासींच्या कार्लू कार्लू या पवित्र जागेहून, त्यांना न विचारता. पुष्कळ वर्षं त्या लोकांनी ती परत मागितली. अखेर १९९९ मध्ये ती मूळ जागी गेली आणि तिच्याऐवजी तिथल्या अरेर्न्टे लोकांनी आपली एक शिळा दिली. चांगल्या माणसाच्या सन्मानासाठी का होईना, ती दुसऱ्याच्या देवघरातून उचललेली होती. यावर मुलं फार छान बोलतात, आपण मध्ये पडायची गरज नाही.

वेळ थोडा उरलाय, म्हणून नागपूरचा धागा चटकन सांगते. १८४५ मध्ये स्कॉटलंडहून इथे आलेले रेव्हरंड स्टीफन हिस्लॉप, ज्यांच्या नावाचं कॉलेज आपण रोज बघतो, धर्मोपदेशक होते आणि फावल्या वेळात दगड गोळा करत हिंडत. नागपूरच्या आसपासच्या खडकांतून त्यांनी जीवाश्म काढले. कामठीकडच्या खडकांत ग्लॉसोप्टेरिस नावाच्या वनस्पतीच्या पानांचे ठसे मिळतात, आणि तसेच ठसे ऑस्ट्रेलियातही मिळतात, कारण ती वनस्पती होती तेव्हा ही दोन्ही भूखंडं जोडलेली होती. त्या जोडलेल्या भूखंडाला जग आज गोंडवाना म्हणतं, आपल्याच मुलखाच्या नावाने. हस्तकलेच्या तासाला कुंभाराकडची ओली माती थापा आणि मुलांना कडुलिंबाचं नाहीतर निलगिरीचं पान त्यात दाबायला लावा. वाळलेले ठसे खडकाच्या पायथ्याशी मांडा. येणाऱ्या पालकांना हा कोपरा हटकून दाखवा.

शेवटच्या दिवशी सगळं उतरवताना मुरूम झाडांच्या आळ्यात टाका, पोती कळमन्याला परत द्या. गेरूचं कापड मात्र घडी करून उंटांबरोबरच ठेवून द्या, डिसेंबरात बेथलेहेमच्या रस्त्यासाठी ते लागणार आहे. आणि सायकल ज्याची असेल त्याला हवा भरून परत करा.

नमस्कार.