भीती शिकवता येते, मग ती उतरवता पण येते

नमस्कार मंडळी, आज आपण भीतीबद्दल बोलणार आहोत, म्हणजे भुताखेतांची नाही हं, आपल्या अंगात भीती येते कुठून त्याबद्दल. खूप लोकांना वाटतं की घाबरट स्वभाव जन्मतःच असतो. थोडाफार असेलही, पण बरीचशी भीती आपण शिकतो, आणि शिकतोय हे आपल्याला कळत पण नाही.

१९२० साली अमेरिकेत बाल्टिमोरच्या जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठातल्या जॉन वॉटसन आणि रोझाली रेनर या दोघांनी एका बाळावरचा प्रयोग छापला. पुस्तकांत त्या बाळाला छोटा अल्बर्ट म्हणतात. बाळ अकरा महिन्यांचं, एकदम शांत, पांढरा उंदीर समोर सोडला तर हात पुढे करायचं. मग त्यांनी काय केलं, त्याने उंदराला हात लावला की मागे एक लांब लोखंडी दांडा टांगलेला होता त्यावर हातोडा मारायचा, खणकन आवाज. पहिल्यांदा बाळ दचकून पुढे पडलं आणि गादीत तोंड खुपसलं. असं दोन वेळा, मग आठवड्याने आणखी पाच वेळा, म्हणजे सगळं मिळून फक्त सात वेळा. त्यानंतर आवाज न करता नुसता उंदीर दाखवला तर ते रडायला लागलं, वळलं, पडलं, आणि रांगत इतक्या जोरात पळालं की टेबलाच्या कडेवरून पडायच्या आत त्याला कसंबसं पकडावं लागलं. आणि पुढे भीती उंदरापुरती राहिली नाही, ससा, कुत्रा, फरचा कोट, सगळ्याला ते बिचकायला लागलं.

मला या प्रयोगाचा मनापासून राग येतो. ती भीती काढायचा प्रयत्न कोणी केलाच नाही, बाळाला हॉस्पिटलमधून नेलं आणि विषय संपला. आज असा प्रयोग करायला कुठेच परवानगी मिळणार नाही, आणि एकाच बाळावरून एवढे मोठे निष्कर्ष काढणं हे पण कच्चंच काम आहे. तरी मानसशास्त्राच्या प्रत्येक पुस्तकात अल्बर्ट असतोच. त्याच्यानंतर चारच वर्षांनी जे झालं ते मात्र फार कोणाला माहीत नसतं, आणि मला खरं तर तेच सांगायचंय.

मेरी कव्हर जोन्स नावाची तरुण संशोधक न्यूयॉर्कमध्ये होती. तिच्याकडे पीटर नावाचा मुलगा आला, वय दोन वर्षं दहा महिने, आणि त्याला आधीपासूनच उंदीर, ससा, फरचा कोट, कापूस, पीस सगळ्याची भीती. ती कोणी मुद्दाम घातली नव्हती, कुठून आली माहीत नाही. आता ती काढायची कशी? जोन्सबाईंनी वेगवेगळ्या मुलांवर बरेच उपाय करून बघितले. एका मुलीशी आठवडाभर रोज सशाबद्दल छान छान गप्पा मारल्या, पण खरा ससा आणला तर भीती होती तशीच. चिडवून, हसून पण काही फायदा झाला नाही.

पीटरसोबत मग असं केलं की त्याला उंच खुर्चीत बसवायचं, आवडीचा खाऊ द्यायचा, आणि तो मजेत खात असताना पिंजऱ्यातला ससा खोलीत आणायचा, पण इतका लांब की त्याचं खाणं थांबणार नाही. आधी बारा फुटांवर, मग चार, मग तीन, मग अगदी जवळ. सोबत न घाबरणारी दुसरी मुलं पण सशाशी खेळायची, ते बघून पण त्याला धीर यायचा. तिने एकेक पायरी लिहून ठेवली आहे, आणि मधली एक पायरी मला फार आवडते, पीटर सशावर थुंकतो, वस्तू फेकतो, त्याची नक्कल करतो. आपल्याकडे कोणी म्हटलं असतं, अरे हा तर बिघडला! तिने ती प्रगती धरली. शेवटी ससा मांडीवर, आणि पीटर त्याला स्वतःची बोटं कुरतडू देतोय.

यात धोका पण आहे आणि तो तिनेच लिहिलाय, घाई केली तर उलटंच होईल, सशाची भीती जायच्या ऐवजी मूल खाऊलाच घाबरेल.

आता गप्पांनी काम का नाही झालं? १९९५ साली अमेरिकेतच काही संशोधकांनी मेंदूला इजा झालेल्या पेशंटना रंगीत चित्रं दाखवली, एका रंगासोबत मोठा भोंगा वाजायचा. मेंदूतल्या अमिग्डाला या भागाला इजा झालेल्या पेशंटला कुठल्या रंगाला भोंगा वाजतो ते नीट सांगता यायचं, पण तो रंग दिसला तरी अंग ढिम्म. दुसऱ्या पेशंटची वेगळ्या जागी, हिप्पोकॅम्पसला इजा, तर त्याला रंग सांगता येईना, पण अंगाला बरोबर कळायचं. म्हणजे माहिती एकीकडे आणि भीती दुसरीकडे.

म्हणूनच दवाखान्यात आपण पोराला समजावतो, काही नाही रे, मुंगी चावल्यासारखं होईल, आणि ते स्पिरिटचा वास आल्या आल्या दारातच भोकाड पसरतं, तेव्हा ते नाटक करत नसतं हो. त्याच्या अंगात वास आणि सुई यांची गाठ बसलेली असते. ती आणखी घट्ट आपणच करतो, जेव नाहीतर डॉक्टरकाका येऊन सुई टोचतील, हे घरोघरी चालतं ना, आणि मग तोच पोरगा दवाखान्याला घाबरला की त्यालाच ओरडतो! त्यापेक्षा कधीतरी सुई नसताना त्याला तिथे न्या, बाकावर बसून केळं खाऊ द्या, आणि घरी या. सुई असेल त्या दिवशी नाही म्हणून खोटं मात्र बोलू नका, नाहीतर पुढच्या वेळी तुमच्या नाही म्हणण्याचीच त्याला भीती वाटेल.

आणि भीती परत आली तर? पीटरची पण आली होती. आधी न घाबरणाऱ्या मुलांसोबत खेळून ती बरीच कमी झाली होती, पण मधे त्याला स्कार्लेट फीव्हर (अंगावर लाल पुरळ येणारा ताप) झाला, दोन महिने भीतीवरचे उपचार बंद राहिले, आणि हॉस्पिटलमधून निघताना टॅक्सीत बसतायत तेवढ्यात एक मोठा कुत्रा अंगावर धावून आला, त्याच्यासोबतची नर्स पण घाबरली. झालं, पीटर परत मागे. खाऊवाला उपाय खरा त्यानंतरच सुरू झाला.

कारण जुनी गाठ पुसली जात नाही, तिच्यावर नवीन शिकणं बसतं, आणि ते ज्या जागी शिकलो त्या जागेला थोडं चिकटून राहतं. त्यामुळे कुत्र्याची भीती शेजाऱ्यांच्या अंगणात गेली तरी रस्त्यावरचा कुत्रा बघून परत उसळू शकते. हे काम करणारे थेरपिस्ट म्हणूनच एकाच खोलीत सराव थांबवत नाहीत, अंगणात, गल्लीत, बागेत, आधी एका कुत्र्यासोबत, मग दुसऱ्या रंगाच्या, मग मोठ्या, आणि मधे एखादा दिवस बिघडला तर त्याआधीच्या अंतरावर परत जाऊन तिथून पुन्हा सुरू करतात.