सल्लागार तेच, निर्णय वेगळे

नमस्कार श्रोतेहो.

साहेबांच्या केबिनमधली मीटिंग संपल्यावर जिन्यात जी दुसरी मीटिंग भरते, ती तुमच्यापैकी पुष्कळांनी अनुभवली असेल. आत सगळे "हो सर, उत्तम सर," आणि जिन्यात, "हे काही जमायचं नाही." तुमच्याआमच्या ऑफिसात असं झालं तर फार तर एखादं टेंडर हातचं जातं. व्हाइट हाउसमध्ये झालं, तेव्हाची ही हकीकत.

त्याआधी एक फरक. आपल्या राष्ट्रपतींना घटनेच्या ७४व्या कलमानुसार मंत्रिमंडळाच्या सल्ल्यानंच चालावं लागतं. सल्ला फेरविचारासाठी एकदा परत पाठवता येतो, पुन्हा तोच आला की सही. अमेरिकेत सगळं उलटं. तिथले मंत्री राष्ट्राध्यक्षांनीच नेमलेले. ते सगळे एका बाजूला झाले तरी राष्ट्राध्यक्ष दुसऱ्या बाजूला जायला मोकळा.

जॉन केनेडी २० जानेवारी १९६१ला या खुर्चीवर बसले. वय ४३. आधीचे राष्ट्राध्यक्ष आयझेनहॉवर जुने सेनापती; त्यांच्या काळात समित्या, टिपणं, ठरलेल्या बैठका अशी शिस्त होती. केनेडींना ते सारं लाल फितीचं लोढणं वाटलं. त्यांनी बरंचसं मोडून टाकलं. आणि त्याच सुमारास त्यांच्या टेबलावर सीआयए या अमेरिकी गुप्तचर संस्थेनं आखलेली एक जुनी योजना आली. क्युबातून परागंदा झालेल्या सुमारे १४०० लोकांना शस्त्रं देऊन किनाऱ्यावर उतरवायचं, कॅस्ट्रोंची सत्ता उलथवायची.

सेनाप्रमुखांनी योजना तपासली आणि यशाची 'बऱ्यापैकी संधी' आहे असा शेरा मारला. ज्या अधिकाऱ्यानं हा शब्द वापरला, त्याच्या मनात शंभरात तीस असा हिशेब होता. वाचणाऱ्यांनी 'बऱ्यापैकी' म्हणजे बरी असं धरलं. आकडा कुणी विचारला नाही. उतरण्याची जागाही मध्येच बदलली. फसलंच तर डोंगरात पळून जातील, हा दिलासा मात्र तसाच राहिला. नव्या जागेपासून तो डोंगर सुमारे ८० मैलांवर आणि मध्ये दलदल! नकाशा सगळ्यांच्या आवाक्यात होता.

आर्थर श्लेसिंजर हे इतिहासकार तेव्हा केनेडींचे सहायक होते. त्यांनी योजनेविरुद्ध लेखी टिपण दिलं, पण भर बैठकीत मूग गिळून बसले. पुढे त्यांनीच लिहिलं की, त्या गप्प बसण्याबद्दल स्वतःला फार बोल लावून घेतले. सिनेटर फुलब्राइट तेवढे स्पष्ट बोलले, पण ते सरकारातले, म्हणजे घरचे नव्हते, पाहुणे होते.

१७ एप्रिलला मंडळी बे ऑफ पिग्जच्या किनाऱ्यावर उतरली. तीन दिवसांत खेळ खलास. हजाराहून अधिक जण पकडले गेले. जबाबदार मी, असं केनेडींनी पत्रकारांसमोर सांगितलं. २२ एप्रिलला त्यांनी आयझेनहॉवरना कॅम्प डेव्हिडला बोलावलं. म्हाताऱ्यानं एकच नेमका प्रश्न विचारला: मंजुरी देण्याआधी सगळ्यांना समोरासमोर बसवून वाद घालायला लावलात, की एकेकाला वेगवेगळं भेटलात? केनेडींना कबूल करावं लागलं की, सीआयए आणि सेनाप्रमुखांनी जे सुचवलं, ते त्यांनी मान्य केलं होतं.

दीड वर्षानं, १६ ऑक्टोबर १९६२च्या सकाळी, क्युबात रशियन क्षेपणास्त्रं असल्याचे फोटो त्यांच्यासमोर आले. सीआयएचे प्रमुख तोवर बदलले होते. पण संरक्षणमंत्री मॅकनमारा, परराष्ट्रमंत्री रस्क, राष्ट्रीय सुरक्षा सल्लागार बंडी ही मुख्य मंडळी तीच. पहिल्या दिवशी केनेडींचाही कल हवाई हल्ल्याकडे होता. तेव्हाच निर्णय घ्यावा लागता, तर काय झालं असतं कोण जाणे. त्यांनी वेळ काढला. काही बैठकांना ते मुद्दाम गेलेच नाहीत, कारण साहेब समोर असले की माणसं साहेबांचं तोंड बघून बोलतात. सल्लागारांचे गट पाडले. एकानं हल्ल्याची बाजू लिहायची, दुसऱ्यानं क्युबाच्या समुद्री नाकेबंदीची. मग कागद बदलून एकमेकांचे दोष काढायचे. मॉस्कोत राजदूत राहिलेले टॉमी थॉम्पसन मुद्दाम बसवले, कारण रशियाचे सर्वेसर्वा ख्रुश्चेव्ह यांना जवळून ओळखणारा तोच एक. बैठकीच्या खोलीत केनेडींनी गुपचूप टेपरेकॉर्डर लावला होता. त्या टेपवर थॉम्पसन राष्ट्राध्यक्षांना तोंडावर सांगतात, "मला हे पटत नाही." १९६१मध्ये हेच वाक्य घरच्या माणसांकडून बैठकीत ऐकू आलं नव्हतं.

(त्याच आठवड्यात, २० ऑक्टोबरला, चीननं आपल्यावर हल्ला केला. नोव्हेंबरात यशवंतराव संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीला गेले. हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला, ते हेच दिवस. वॉशिंग्टनचं लक्ष तेव्हा क्युबाकडे होतं.)

अर्थात चांगल्या चर्चेनं अज्ञान जात नाही. क्युबात रशियाचे सुमारे ४२ हजार सैनिक होते. अमेरिकेचा अंदाज त्याच्या आसपासही नव्हता. २७ तारखेला, क्युबातल्या क्षेपणास्त्रांच्या बदल्यात तुर्कस्तानातली अमेरिकन क्षेपणास्त्रं काढण्याचा सौदा करावा, असं केनेडींना वाटत होतं. बहुतेक सल्लागार विरोधात होते. संध्याकाळी त्यांनी मोजक्या माणसांना वेगळ्या खोलीत नेलं आणि गुप्तपणे तो सौदा केला. दुसऱ्या दिवशी मॉस्को रेडिओवरून ख्रुश्चेव्ह यांची माघार जाहीर झाली. हो, रेडिओवरूनच! पत्र पोचायला लागणारा वेळही त्यांना परवडणारा नव्हता.

त्या छोट्या खोलीत उपाध्यक्ष लिंडन जॉन्सन नव्हते. त्यांना सौद्याचं सांगितलंही गेलं नाही. आपण ठाम राहिलो म्हणून समोरचा झुकला, एवढंच बाहेरच्यांना दिसलं. वर्षभरानंतर, नोव्हेंबर १९६३मध्ये, केनेडींची हत्या झाली आणि जॉन्सन राष्ट्राध्यक्ष झाले. सल्लागार पुन्हा तेच: मॅकनमारा, रस्क, बंडी. प्रश्न व्हिएतनामचा. ऑक्टोबर १९६४मध्ये परराष्ट्र खात्यातले जॉर्ज बॉल यांनी युद्धात उतरू नये असं सांगणारं ६७ पानी टिपण लिहिलं आणि या तिघांना दिलं. जॉन्सन यांच्या हाती ते पडलं पुढच्या वर्षी, तेही दुसऱ्याच सहायकामार्फत. जॉन्सन यांनी ते वाचलं, बॉलशी चर्चाही केली. पुढे बॉल म्हणजे आपले ठरलेले विरोधक, असंच होऊन बसलं. त्यांनी बोलायचं, इतरांनी ऐकून घ्यायचं आणि ठरलेलं पुढे चालवायचं.

टिपण लिहिलं गेलं, त्या वर्षअखेरीस व्हिएतनाममध्ये २३ हजारांच्या आसपास अमेरिकन सैनिक होते. १९६६मध्ये बॉल पद सोडून गेले. त्या वर्षअखेरीस सैनिक ३ लाख ८५ हजार झाले होते.

नमस्कार.