भिंतीवरचा डाग

नमस्कार मंडळी.

यंदा मंडळानं एक सिनेमा दाखवावा, अशी विनंती करायला मी उभी आहे. शांताल आकरमान या बेल्जियन दिग्दर्शिकेचा 1975 सालचा 'जान डीलमन'. 201 मिनिटांचा. ब्रसेल्समधली एक विधवा, तिचा शाळकरी मुलगा आणि तीन दिवस. कॅमेरा जागचा हलत नाही. ती बटाटे सोलते, भांडी घासते, पोट भरण्यासाठी दुपारी परपुरुषाला घरात घेते, खोलीबाहेर पडताना न चुकता दिवा मालवते. शेवटी एक खून होतो.

मे महिन्यात कोल्हापूरला गेले तेव्हा शिवाजी पेठेत मावशीकडं तो लॅपटॉपवर लावला होता. मावशी शेजारी गवारी मोडत बसलेली. सिनेमात दुसऱ्या दिवशी बटाटे जास्त शिजतात आणि ती बाई पातेलं हातात घेऊन या खोलीतून त्या खोलीत फिरत राहते. मला वाटलं, एवढं काय त्यात! मावशीचा हात मात्र थांबला.

"जेवाण बिघडलं की पोटात गोळा येतोय. तुला म्हाईत न्हाई व्हय?"

तिच्या स्वयंपाकघराच्या भिंतीवर एक तांबूस डाग होता. दर दिवाळीला चुना मारायचे, पावसाळ्यात ओल धरली की तेल परत वर यायचं. आम्ही पोरं त्याच भिंतीला पाठ टेकून जेवायचो. डाग कशाचा, हे मी कधीच विचारलं नव्हतं. त्या दुपारी विचारलं.

"रस्सा पातळ झाल्ता," मावशी म्हणाली. काकांनी ताट भिरकावलं होतं.

याच कोल्हापुरात शाहू महाराजांनी 1919 साली बायकांना क्रूरपणे वागवण्याविरुद्ध कायदा केला होता. कौटुंबिक हिंसाचाराविरुद्ध देशाचा स्वतंत्र कायदा यायला 2005 साल उजाडलं. मावशीचा सगळा संसार या दोन सालांच्या मधला. मारहाण म्हटलं की आपण वळ शोधतो. तिच्या अंगावर वळ नव्हता, म्हणून आमच्या घरात कुणी त्याला हिंसा म्हटलंच नाही. या गोष्टीनं मला फार अस्वस्थ केलंय.

म्हणून सांगते, सिनेमा अख्खा दाखवा, काटछाट नको. पुरुषांनी आवर्जून यावं. आणि बटाट्यांचा प्रसंग सुरू असताना चहाला उठू नका.

पडद्यावर खून झाला तेव्हा मावशी जागची हलली नाही. पातेल्याच्या वेळी मात्र तिनं पदर तोंडाशी धरला होता.