कैरवान : पाऊस साठवणारं शहर

(दृश्य : मशिदीचं अंगण, सकाळ. कॅमेरा फरशीवरून सरकत मध्याकडे.)

हे अंगण सपाट वाटतं, पण तसं नाही. फरशीला मध्याकडे अगदी हलका उतार आहे. ट्युनिशियातल्या कैरवान शहराच्या मोठ्या मशिदीच्या अंगणात पडलेला पाऊस त्या उतारानं इथे येतो, या संगमरवरी कुंडीपाशी. तिच्या कडेच्या खाचा नीट बघा. पाणी एकेक खाच उतरतं, त्याचा जोर मोडतो, धूळ आणि रेती वरच बसते. निवळलेलं पाणी खालच्या टाक्यात जातं.

(दृश्य : मिनार, पायथ्यापासून वर.)

इसवी सन 670. पैगंबरांच्या निधनाला 38 वर्षं झाली होती. इजिप्त जिंकून अरब फौजा पश्चिमेला सरकत होत्या. किनाऱ्यावर बायझंटाइन, म्हणजे पूर्व रोमन साम्राज्याच्या, आरमाराची भीती, म्हणून सेनापती उक्बा इब्न नाफी यांनी आजच्या ट्युनिशियात समुद्रापासून आत, उंटांना चारा मिळेल अशा माळावर तळ ठोकला. इराकातलं कूफा, इजिप्तमधलं फुस्तात ही शहरंही अशीच छावणीतून वाढली. कैरवान हे नावच फारसी 'कारवान'वरून आलं. उक्बांनी हाक दिली आणि श्वापदं पिल्लं तोंडात धरून रान सोडून गेली, अशी दंतकथा आहे. जागा फौजेला सोयीची होती. पाण्याला मात्र नव्हती. जवळ बारमाही नदी नाही.

(दृश्य : अगलबी तलाव, आकाशातून.)

आणि म्हणून हे तलाव. नवव्या शतकात इथे अगलबी घराण्याचे अमीर राज्य करत होते. त्यांच्यातल्या अबू इब्राहीम अहमद यांनी 860 च्या सुमारास हे काम हाती घेतलं. आधी हा लहान तलाव. ओढ्याचं गढूळ पाणी इथे थांबतं, गाळ तळाशी बसतो. मग मधल्या मार्गानं ते मोठ्या तलावात उतरतं. त्याचा व्यास सुमारे 128 मीटर. पाण्याचा दाब पेलायला भिंतीला आतून-बाहेरून गोल धिरे दिलेत. बाराशे वर्षं होत आली, धिरे उभेच आहेत. अरब इतिहासकार सांगतात, की अंथरुणाला खिळलेले अमीर सारखं विचारायचे, तलावात पाणी आलं का? आलं, तेव्हा त्यातलाच एक पेला त्यांना आणून दिला. पाणी पिऊन, देवाचे आभार मानून त्यांनी डोळे मिटले.

(दृश्य : नमाजगृहाच्या दारातून आत. खांबांच्या रांगा.)

आज दिसणारी मशीद मुख्यतः 836 पासूनची, अमीर झियादतुल्लाह यांनी बांधलेली. खांब चारशेहून अधिक. रोमन आणि बायझंटाइन इमारतींमधून आणलेले, म्हणून कुणाचा माथा कुणासारखा नाही. पलीकडे तो कोरीव मिंबर, इमाम जिथून खुतबा, म्हणजे प्रवचन, देतात ते व्यासपीठ. तो सागवानी आहे. आफ्रिकेत साग नव्हता. हे लाकूड हिंदी महासागर ओलांडून आलं. आपण साग म्हणतो, अरबीत साज.

याच शहरात काझी सहनून यांनी इस्लामी कायद्याच्या मालिकी परंपरेचा मोठा ग्रंथ 'मुदव्वना' सिद्ध केला. उत्तर आफ्रिकेत आजही त्याच परंपरेचं प्राबल्य आहे.

या शहरानं आघातही सोसले. सुरुवातीलाच बर्बर, म्हणजे उत्तर आफ्रिकेतल्या मूळच्या, टोळ्यांनी अरबांना विरोध केला, 683 मध्ये उक्बा लढाईत मारले गेले. पुढे 1057 मध्ये बनू हिलाल या भटक्या अरब टोळ्यांनी शहर लुटलं.

(दृश्य : पुन्हा अंगण. विहिरीचं तोंड, जवळून.)

टाक्यातलं पाणी शेंदायचं ते इथून. विहिरीचा हा काठ म्हणजे एका जुन्या खांबाची बैठक, मधोमध पोखरलेली. कडेनं या खोल खाचा दिसतात ना, त्या कुणी कोरलेल्या नाहीत. त्या दोरानं पडल्या आहेत.